एलॉयचे नऊ क्लब

फेब्रुवारीतल्या त्या मंगळवारी सकाळी मी शिकागोच्या गाडीत खिडकीशी लॅपटॉप उघडून बसलो होतो, तेव्हा अर्चनाचा फोन आला. माझी बायको ऑफिसच्या वेळात फोन करत नाही, मेसेज टाकते, म्हणून मी लगेच उचलला. मेघनाकडे जा, म्हणाली. मग म्हणाली, नाही, हॉस्पिटलमध्ये जा. आणि मग म्हणाली की आता घाई करून काही उपयोग नाही. तिच्या धाकट्या बहिणीचा नवरा एलॉय सकाळी बर्फ उपसायला बाहेर पडला होता. स्वतःचा ड्राइव्हवे झाला, मग नेहमीप्रमाणे शेजारच्या म्हातारीचा झाला, आणि मग तो बर्फाच्या ढिगाऱ्याला टेकून खाली बसला. म्हातारीनं खिडकीतून पाहिलं. तिला वाटलं, दमला असेल. सेहेचाळीस वर्षांचा होता, चौदा वर्षं फुटबॉल खेळून पोट भरलेला माणूस, आणि फावडं हातात असताना त्याचं हृदय बंद पडलं. मी पुढच्या स्टेशनावर उतरलो आणि नेपरव्हिलला परत नेणारी गाडी येईपर्यंत पाऊण तास रिकाम्या प्लॅटफॉर्मवर उभा राहिलो. त्या पाऊण तासात मला त्याच्या मृत्यूपेक्षा माझंच काहीतरी जास्त आठवत होतं, हे कबूल करतो. मला त्याची माफी मागायची होती. दोन वर्षं मागायची होती, आणि ती राहून गेली.

एलॉय माझा साडू. अमेरिकेत हे नातं कुणाला समजावून सांगायचं तर 'बायकोच्या बहिणीचा नवरा' असा लांबचा फेरा घ्यावा लागतो, कारण इंग्रजीत त्यासाठी शब्दच नाही. एलॉयच्या स्पॅनिशमध्ये मात्र आहे, आणि आपल्याकडेही आहे हे मेघनानं त्याला सांगितलं तेव्हा तो एवढा खूश झाला की पहिल्याच भेटीत त्यानं मला मिठी मारून 'साडू' म्हटलं, आणि पुढे कित्येक वर्षं दुसऱ्या नावानं हाक मारली नाही. पार्किंगमधून ओरडायचा, दुकानात चार रांगांपलीकडून ओरडायचा. आमचं बोलणं इंग्रजीत चालायचं, त्याचं मोडकं आणि माझं पुणेरी, पण त्या इंग्रजीत हा एक शब्द अगदी खणखणीत मराठी असायचा.

मेघना पेनसिल्व्हेनियात स्टेट कॉलेज नावाच्या गावी पीएचडी करून पुढच्या संशोधनासाठी स्पेनच्या दक्षिणेला गेली होती. विषय ऑलिव्हच्या झाडांचे रोग. तिथल्या गावात तिचा गुडघा दुखावला, ज्या फिजिओथेरपिस्टकडे ती जायची त्याच्याचकडे गावच्या क्लबचा मिडफिल्डर घोटा शेकायला यायचा, आणि पुढचं सांगायला नको. नागपूरला फोन गेला तेव्हा सासूबाईंनी विचारलं, 'करतो काय?' मेघना म्हणाली, फुटबॉल खेळतो. त्यावर सासूबाई म्हणाल्या, 'ते कळलं गं, पण करतो काय?' हा किस्सा आमच्याकडे वर्षानुवर्षं चालला आणि एलॉयला तो फार आवडायचा. त्याच्या स्वतःच्या आईनंही त्याला हेच विचारलं होतं म्हणे, अगदी ह्याच स्वरात. लग्नानंतर नागपुरात सासूबाईंनी त्याच्या ताटात पाटवडीचा रस्सा वाढला. तो नाकाडोळ्यांतून पाणी गाळत तीन वाट्या प्याला, आणि त्या दिवसापासून तो जावईबापू आणि मी नुसता प्रकाशराव.

ईराच्या जन्मानंतर मेघनाला शिकागोजवळ नोकरी लागली आणि ते आमच्यापासून दहा मिनिटांवर राहायला आले. एलॉय तेव्हा पस्तिशीत होता, गुडघे संपलेले. आठवडाभर तो एका गोदामात काम करायचा आणि शनिवार-रविवारी एका इनडोअर मैदानावर सात-आठ वर्षांच्या पोरांना फुटबॉल शिकवायचा. थंडीतल्या रविवारी दुपारी आम्ही त्यांच्या बेसमेंटमध्ये बसायचो. मी चहा प्यायचो, तो कॉफी, आणि तो त्याच्या क्लबांच्या गोष्टी सांगायचा. चौदा सीझनमध्ये नऊ क्लब. तिसरी डिव्हिजन, चौथी डिव्हिजन, एकदा तर त्याच्याही खाली. एका गावचं मैदान एका कोपऱ्याकडे एवढं उतरतं होतं की जो कप्तान टॉस जिंकायचा तो उतारच मागायचा. एका गावात गोलच्या मागे स्मशानभूमी होती. भिंतीपलीकडे गेलेले बॉल तिथला रखवालदार गोळा करून सोमवारी क्लबात आणून द्यायचा आणि दर वेळी शांततेबद्दल दोन शब्द सुनवायचा. एका गावात सिमेंटची फॅक्टरी होती आणि हाफटाइमपर्यंत दोन्ही संघांचे शर्ट एकाच रंगाचे व्हायचे. बसनं आठ तास जायचं, नव्वद मिनिटं खेळायचं, पुन्हा आठ तास. मी विचारलं, तू नेमकं करायचास काय? हसला. म्हणाला, आपल्या सासूबाईंचा प्रश्न. मग त्यानं सांगितलं की मागून आलेला बॉल घ्यायचा आणि जवळच्या माणसाला द्यायचा, नीट द्यायचा, त्याला धावावं लागू नये असा. एवढंच. चौदा वर्षं हेच केलं आणि लोकांनी पुन्हा पुन्हा बोलावलं, म्हणजे बरं करत असणार.

बॉल येण्याआधी खांद्यावरून मागे बघायचं, ही त्याची सवय सगळीकडे होती. फ्रिज उघडण्याआधी मागे बघायचा, गणपतीच्या जेवणात ताट घेऊन वळण्याआधी मागे बघायचा. त्यामुळे आमच्या मंडळाच्या पंगतीत त्याच्या हातून कधी कुणाच्या साडीवर कढी सांडली नाही. माझ्या हातून दोनदा सांडली आहे.

त्या नऊ क्लबांपैकी एकाची गोष्ट त्यानं मला फक्त एकदाच सांगितली. कारकिर्दीच्या मध्यावर दुसऱ्या डिव्हिजनमधल्या एका क्लबानं त्याला एका सीझनपुरतं घेतलं, कुणी जखमी झालं तर हाताशी असावा म्हणून. तो सीझनभर त्यांच्याबरोबर सरावाला गेला. एकाच मॅचला त्याचं नाव राखीव खेळाडूंत लागलं. दुसऱ्या हाफमध्ये कोचनं त्याला वॉर्मअपला पाठवलं आणि तो रेषेच्या कडेनं पंचवीस मिनिटं धावत राहिला. मॅच संपली. कोचनं त्याला आत पाठवलंच नाही. त्याचे वडील दोनशे किलोमीटरवरून बघायला आले होते. मी विचारलं, मग वडील काय म्हणाले? तो म्हणाला, 'म्हणाले, धावताना छान दिसत होतास.' ...मला हसू आलं होतं. तो हसला नाही, आणि ते तेव्हाच माझ्या लक्षात यायला हवं होतं.

आता माझी गोष्ट. नेपरव्हिलमधल्या निम्म्या मराठी पोरांचे रेझ्युमे माझ्या हाताखालून गेले आहेत. मी पंचवीस वर्षं आयटीत आहे आणि आमच्या धंद्यात रेझ्युमे थोडा फुगवायचा असतो हे पुण्याहून येणाऱ्या पोराला विमानातच कळतं. प्रोजेक्टवर नुसतं नाव असलं तरी अनुभव, मीटिंगला मागे बसलं तरी अनुभव. वाघ म्हटलं तरी खातो आणि वाघोबा म्हटलं तरी खातो, मग दोन शब्द मोठे लिहायला काय हरकत आहे, हे माझं ठरलेलं वाक्य. त्यामुळे जवळच्या एका कॉलेजात असिस्टंट कोचची जागा निघाली आहे असं मेघनानं सांगितलं तेव्हा मी म्हटलं, रेझ्युमे माझ्यावर सोड. एलॉयनं मला वहीच्या पानावर नऊ नावं लिहून दिली, पुढे सीझन आणि खेळलेल्या मॅचेस. मी बघितलं, एकही नाव इथल्या माणसानं ऐकलेलं नसणार. मला ते पान अगदी दरिद्री वाटलं. मी आठ नावं काढून टाकली आणि तिथे लिहिलं, 'स्पेनमधील विविध क्लब.' नववं ठेवलं, सगळ्यात वर, ठळक अक्षरांत: दुसरी डिव्हिजन, एक सीझन, मिडफिल्डर. एका पानात बसलं. मला ते एवढं आवडलं की त्याला न दाखवता मी ते कॉलेजला पाठवलं, आणि कुणाची ओळख निघाली तर बघा म्हणून मंडळाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवरही टाकलं. अंगठे आले, टाळ्या आल्या. 'ग्रेट यार, आपला जावई एवढा मोठा प्लेयर!' असं कुणीतरी लिहिलं. मी ताठ मानेनं वावरत होतो.

मुलाखतीत त्यांनी पहिलाच प्रश्न विचारला की दुसऱ्या डिव्हिजनमधल्या सीझनबद्दल सांगा. एलॉयनं तो कागद तेव्हा पहिल्यांदा वाचला, त्या तिघांच्या समोर. तिथे गप्प बसला असता, हो म्हणाला असता तरी चाललं असतं. त्यानं सांगितलं, मी त्या डिव्हिजनमध्ये एक मिनिटही खेळलेलो नाही. मग त्यांनी विचारलं, हे कुणी लिहिलं? तो म्हणाला, मी. माझं नाव त्यानं घेतलं नाही. नोकरी अर्थातच मिळाली नाही.

मी त्याच संध्याकाळी त्याच्याकडे गेलो. माफी मागायला नव्हे, हे लिहिलं पाहिजे. मी त्याला समजावायला गेलो होतो. इथे सगळे असंच करतात, तूच नको तिथे हरिश्चंद्र झालास, असं मी त्याला बेसमेंटच्या जिन्यात उभा राहून पंधरा मिनिटं सांगितलं. त्यानं ऐकून घेतलं. मग म्हणाला, 'जिथे मी खेळलो ते सगळं तू काढून टाकलंस, आणि जिथे खेळलो नाही ते ठेवलंस. माझी चौदा वर्षं तुला पुरली नाहीत, प्रकाश.'

प्रकाश. त्या दिवसानंतर मी प्रकाशच राहिलो.

भांडण म्हणावं असं काही झालं नाही, आणि तेच वाईट होतं. दिवाळीला ते आमच्याकडे यायचे, ईराच्या वाढदिवसाला आम्ही त्यांच्याकडे जायचो. तो माझ्यासाठी चहा ठेवायचा, साखर बरोबर घालायचा. माझी गाडी बर्फात रुतली तेव्हा फोन मी केला नव्हता, अर्चनानं केला होता, तरी तोच फावडं घेऊन आला. पण क्लबांच्या गोष्टी बंद झाल्या. मी मुद्दाम विषय काढला तर म्हणायचा, जुन्या गोष्टी. सख्ख्या भावाशी भांडलो असतो तर चार शिव्या देऊन मोकळा झालो असतो, पण इतक्या सभ्य माणसाशी काय करायचं ते मला सुचेना. माझ्या मनात वाक्य तयार होतं. साधं होतं, की मी चुकलो, तुझं खरं होतं तेच मोठं होतं, मला ते दिसलं नाही. पुण्यात वाढलेल्या माणसाला दुसऱ्याची चूक दाखवायला क्षणभरही लागत नाही, आणि हे एवढं बोलायला मला दोन वर्षं पुरली नाहीत.

शेवटची भेट यंदाच्या संक्रांतीची. आमच्याकडे हळदीकुंकू होतं, बायका वर आणि आम्ही चार पुरुष स्वयंपाकघरात भांड्यांच्या मागे लागलेलो. मी ठरवलं होतं की तिळगूळ द्यायचा आणि बोलायचं. निमित्त यापेक्षा चांगलं कुठलं मिळणार? त्याच्या हातावर लाडू ठेवला आणि 'तिळगूळ घ्या, गोड बोला' म्हणालो, आणि पुढचं वाक्य जिभेवर आलं. त्यानं लाडू अख्खा तोंडात टाकला, डोळे मिटले, आणि तोंड भरलेलं असतानाच 'थँक यू, प्रकाश' म्हणाला. तेवढ्यात वरून कुणीतरी कॉफीची ऑर्डर दिली, तो वळला... आणि मी म्हटलं, असू दे, पुढच्या वेळी. गुढीपाडवा आहेच. पाडवा येऊन गेला. आम्ही गुढी उभारली नाही.

शोकसभा मंडळाच्या हॉलमध्ये झाली. एलॉयचे आईवडील आधीच गेलेले. भाऊ स्पेनहून आला होता, पहिल्या रांगेत मेघना आणि ईराच्या मध्ये बसला होता, त्याला एक अक्षर कळत नव्हतं. हॉल भरला होता. गोदामातले सहकारी आले होते, त्यानं शिकवलेली पोरं त्यांच्या आईबापांबरोबर आली होती. आमचे सेक्रेटरी जोशी मनानं चांगले आहेत. त्यांनी सुरुवातीला दोन शब्द बोलायचे ठरवलं आणि माहिती कुठून आणायची म्हणून ग्रुपवर मागे मागे जाऊन माझा तो कागद शोधून काढला. फोन डोळ्यांजवळ धरून त्यांनी वाचलं, 'कैलासवासी एलॉय हे स्पेनच्या दुसऱ्या डिव्हिजनचे माजी खेळाडू होते. याशिवाय ते विविध क्लबांकडूनही खेळले.' मी मेघनाकडे पाहिलं. ती मांडीवरच्या हातांकडे बघत होती.

मी उभा राहिलो. मला बोलायला सांगितलेलं नव्हतं, माझा नंबर चौथा होता. मी म्हणालो, 'जोशी, थांबा. ती ओळ मी लिहिली होती आणि ती खोटी आहे. तो दुसऱ्या डिव्हिजनमध्ये खेळला नाही. त्याला तिथे फक्त धावायला लावलं. तो जिथे खेळला ती आठ गावं मी कागदावरून काढून टाकली, आणि त्यामुळे त्याची हाताशी आलेली नोकरी गेली.' मला वाटलं, आता ती आठ नावं घ्यायची, निदान ती तरी सगळ्यांसमोर घ्यायची. सिमेंटच्या गावाचं नाव घेतलं. स्मशानाच्या गावाचं घेतलं. उताराच्या मैदानाचं घेतलं, आणि मेघना जिथे भेटली त्या गावाचं घेतलं. आणि थांबलो. पुढचं येईना. त्याच्या बेसमेंटमध्ये बसून मी इतक्या रविवारी ऐकलं, हसलो, आणि निम्मीच गावं माझ्याकडे उरली होती. मग ईरा उभी राहिली. चौदा वर्षांची पोर, मराठी समजते पण बोलत नाही. तिनं वळून माझ्याकडेही पाहिलं नाही. उरलेली चार नावं तिनं एका दमात, बापाच्या उच्चारात घेतली. ती ऐकून एलॉयच्या भावानं पहिल्यांदा मान वर केली.

कार्यक्रम संपल्यावर पार्किंगमध्ये मेघना माझ्याजवळ आली. मला वाटलं, रडेल, किंवा मिठी मारेल. ती म्हणाली, 'भाऊजी, हे एकदा त्याच्यासमोर बोलला असतात ना, तर पुरलं असतं. तो वाट बघत होता.' रागानं म्हणाली नाही. मग तिनं मला विचारलं की उरलेलं जेवण कुणाच्या गाडीत ठेवायचं.

आता एप्रिल आहे. बर्फ वितळलाय, शेजारच्या म्हातारीनं दारासमोर पिवळी फुलं लावली आहेत. परवा रविवारी मी मेघनाकडे गेलो होतो. ती ओट्याशी उभी राहून पोळ्या लाटत होती, आणि ओट्यावर एलॉयचा फोन चार्जरला लावून ठेवलेला होता. दुपार व्हायला आली तसा तो वाजायला लागला, एकामागून एक. मी दचकलो. मेघना म्हणाली, बंद नाही करवत. एलॉयच्या जुन्या सहकाऱ्यांचा एक ग्रुप आहे, प्रत्येक क्लबातला एकेक जण, आणि स्पेनमध्ये रविवारच्या मॅचेस संपल्या की आपापल्या क्लबाचा निकाल टाकायची त्यांची पद्धत आहे. तो गेल्याचं त्यांना पहिल्याच दिवशी कळवलंय, तरी त्याचं नाव त्यांनी ग्रुपमधून काढलेलं नाही.

ईरा जिन्यावरून खाली आली, फोन घेऊन ओट्यावर चढून बसली आणि मोठ्यानं वाचायला लागली. मी म्हटलं, हळू वाच, मला नावं म्हणू दे. 'ओके काका, रिपीट आफ्टर मी,' ती म्हणाली. ती एक नाव घ्यायची, मी ते म्हणायचो, ती दुरुस्त करायची, मी पुन्हा म्हणायचो, आणि मग निकाल. हरले. हरले. बरोबरी. पुन्हा हरले. दुसऱ्या डिव्हिजनवाला तो क्लबही आता घसरून तिसरीत आलाय, आणि तोही हरला होता. आठ नावं झाली. मी विचारलं, नववं? ईरा इंग्रजीत म्हणाली, तो क्लब बंद पडला, लाँग टाइम अगो, मैदानावर आता सुपरमार्केट आहे. पण तिथला गोलकीपर अजून ग्रुपवर आहे आणि तोही दर रविवारी लिहितो, न चुकता.

'काय लिहितो?' मी विचारलं.

तिनं स्क्रीनवरून बोट खाली नेलं आणि आधी स्पॅनिशमध्ये वाचलं. मग, माझ्यासाठी असावं, मराठीत म्हणाली, 'आज मॅच नाही.'